धोंड्याच्या ताटापुढचं लाइव

आधीच सांगून टाकते, तांब्या मीच मारला. ज्यांनी बघितलं न्हाय त्यांची गावात उगं कुजबुज चाललीया. कुनी म्हनतं हातातनं सुटला, कुनी म्हनतं मालकांनी मारला. आमच्या मालकांच्या हातनं माशी मरत न्हाय. मी मारला, आन् बघून मारला. पर जावयाचं डोस्कं फोडायला मी सोलापूरला गेले न्हवते. मी माज्या लेकीला घरी आनायला गेल्ते.

मोडनिंबात आमची पिठाची गिरन हाय. पट्ट्याच्या आवाजात दिवसभर वरडून बोलायचं, त्यामुळं माजा आवाज मोटा आन् डोस्कं गरम, हे समद्या गावाला ठावं हाय. गिऱ्हाईक चार येळा "झालं का, झालं का" करायला लागलं की मी त्याचं गहू तसंच परत देते. लेक एकच, उत्कर्षा. नाव तिच्या आत्यानं ठेवलं. माज्या तोंडात ते कदी नीट बसलं न्हाय, मी आपली उत्का म्हनते. दोन वर्सामागं तिला सोलापुरात दिली. जावयाचं नाव दिग्विजय. मोबाइलच्या दुकानात कामाला व्हता, दिसायला गोरागोमटा, बोलायला गोड. लग्नात म्हनाला, "मामी, काळजी सोडा, उत्कर्षा आता माझी जबाबदारी." मालकांच्या डोळ्यात पानी आलं ते ऐकून.

मंग त्यानं दुकान सोडलं. दोघं मिळून मोबाइलवर लाइव करत्यात म्हनून कळलं. मला वाटलं, गानीबिनी म्हनत आसतील. उत्काचा गळा चांगला हाय, शाळंत बक्षीस मिळाल्तं तिला. मी गिऱ्हाइकांना कवतिकानं सांगायची बी.

एक दिस देवयानी बाई दळन घेऊन आल्या. आमच्या हितल्या शाळंत शिकवत्यात, उत्का त्यांच्याच हाताखाली शिकली. त्यांनी मला गिरन बंद करायला लावली. म्हनाल्या, "मथुराबाई, बसा जरा. हे बघा, आणि शांतपणे बघा." कुनी मला शांत रहा म्हनलं की मी तितंच तापते. बघितलं तर उत्का नटूनथटून बसलेली, शेजारी जावई. दोघं हसत व्हती. पडद्यावर एक सिंह आला, डरकाळी फोडून गेला, आन् जावयानं उत्काच्या कानाखाली काडली. ती एका अंगाला कलंडली, परत सरळ झाली, केस सारकं केलं आन् म्हनाली, "थँक्यू, थँक्यू. असाच सपोर्ट करा."

"हे काय हाय?" मी इचारलं.

"बघणारे लोक पैसे मोजून सिंह पाठवतात. सिंह आला की थप्पड. रोजचंच आहे म्हणे."

"आन् एवढी लोकं बघत बसत्यात?"

"हजारोंनी," देवयानी बाई म्हनाल्या. त्यांनी मोबाइल पिशवीत टाकला आन् दळन न घेताच गेल्या.

मी लगोलग उत्काला फोन लावला. ती हसायलाच लागली. "आई, ते खोटं असतंय गं. ते बाजूला टाळी वाजवतात, मी मान फिरवते. नाटकात नाही का करत तसं." मला ते खरं वाटायला पायजे व्हतं, म्हनून वाटलं. पर बोलता बोलता ती सारखी "काय? काय म्हणालीस?" करत व्हती. शेवटी म्हनाली, "थांब, दुसऱ्या कानाला लावते."

औंदा अधिक महिना जेठात आला. धोंड्याचा महिना. लेक-जावयाला माहेरी बोलवायचं, जावयाचे पाय धुवायचे, पुरनाचे धोंडे तुपात बुडवून वाढायचे, अनारशाचं वान द्यायचं. त्या महिन्यात जावई म्हंजे नारायन. बोलावलं तर कुनाच्या बापाला न्हाय म्हनता येत न्हाय. मी ठरवलं, धोंड्याला बोलवायचं, आली की ठेवून घ्यायची आन् परत पाठवायचीच न्हाय. मालकांना सांगितलं, ते म्हनाले, "तसंच कर."

पर जावई फोनवर म्हनाला, "मामी, मोडनिंबात रेंज नसते. तुम्हीच इकडं या की. धोंडा फ्लॅटवरच करू."

रेंज नसते म्हनं. हायवेवरचं गाव, टावर आमच्या गिरनीच्या मागं हाय. लेकीच्या दारात जाऊन जावयाचे पाय धुवायचे, हे आमच्या भावकीत कुनी केल्यालं न्हाय. मालक म्हनाले, "मथुरे, जाऊ नगं. आपल्या उंबऱ्यात आपलं चालतं, दुसऱ्याच्या न्हाय." मी म्हनलं, "तुमी गप बसा, मी तितनं उचलून आनते तिला." हीच माजी चूक झाली. हितं माजं दार व्हतं, माजी भावकी व्हती, चार मानसं आडवी आली आसती. तितं मी त्यांच्या खेळातलं एक मानूस झाले.

भर उन्हात यष्टीनं निघालो. मालकांच्या मांडीवर धोंड्याचा डबा, माज्या मांडीवर अनारशाची डाल, पायाशी पिशवीत तांब्याचा तांब्या आन् परात. पाय धुवायचं भांडं माहेरचंच लागतं. स्टँडवरनं रिक्षा केली. तिसऱ्या मजल्यावर फ्लॅट. आत गेलो तर हालमदी एका भितीला गुलाबी रंग, म्होरं गोल दिवा, मोबाइलचं स्टँड. स्वयपाकघरात बघितलं तर एक पातेलं नीट न्हवतं. उत्का दारातच गळ्यात पडली. हाडं लागली तिची. तोंडावर एवढी पावडर की मला माजी लेक वळखाया येईना.

जावई अंघोळीला गेल्ता. मी तिच्या डाव्या अंगाला हुबी राहून हळूच म्हनलं, "उत्का, पिशवी भर." ती अनारसं ताटात लावत राहिली. परत म्हनलं. पापनी बी हलली न्हाय. गिरनीपायी आमच्या मालकांचा कान गेलाय, ऐकू न येनारं मानूस मला कळतं. मी उजव्या अंगाला गेले तशी ती म्हनाली, "काय गं आई, मघापासून नुसती बघत काय उभी आहेस?"

मी तिचं तोंड दोन्ही हातात धरलं. पावडरीखाली डावा गाल सुजल्याला.

"कान गेला न्हवं?"

"गेला नाही. पडदा फाटलाय, भरून येतो म्हणाले डॉक्टर."

"टाळी वाजवतो म्हनलीस की."

"आधी टाळीच होती," ती म्हनाली. "लोकांना कळतं गं आई. फेक फेक म्हणून लिहितात आणि निघून जातात."

"मंग जाऊ दे की मेल्यांना."

"तुला नाही कळणार. मोडनिंबला मला कोण ओळखत होतं? गिरणीवालीची पोरगी. आता भाजी आणायला गेले तरी बायका येऊन फोटो काढतात. माझं नाव घेतात."

माजं मस्तक फिरलं. एक थप्पड तितंच देनार व्हते ठेवून, पर तिला आता अजून कोन मारनार. मी दातावर दात धरून म्हनलं, "आज माज्यासंगं चल. चार दिस रहा, कान दाखवू, मंग तुजं तू बघ." ती बाथरूमच्या दाराकडं बघत राहिली. मंग हळूच म्हनाली, "धोंडा नीट होऊ दे. सगळ्यांना सांगून ठेवलंय. नीट झाला की येते. आईशप्पथ येते." माज्या गळ्याला हात लावून म्हनाली ती.

तेवढ्यासाठी मी समदं गिळायचं ठरवलं.

जावई नवा कुर्ता घालून खुर्चीवर बसला. उत्का शेजारच्या खुर्चीवर. दिवा लागला, मोबाइल स्टँडवर चढला. "तर मंडळी, आज आमचा धोंडा. ह्या आमच्या सासूबाई, मोडनिंबच्या. एकदम कडक माणूस." पडद्यावर खालनं वर सरासरा अक्षरं पळत व्हती. मला एवढ्या घाईनं वाचता येत न्हाय. तोच वाचून दाखवत व्हता, "सासूबाई एक नंबर. सासूबाई हसा की जरा." मी हसले. परात म्होरं घेतली, त्याचे पाय आत घेतले, तांब्यानं पानी सोडलं.

"नीट चोळा मामी, लोक बघतायत."

मी चोळले. टाचंतली मळी काडली. मालक धोंड्याचं ताट घेऊन भितीला टेकून हुबे. त्यांची मान खाली गेल्ती. मी मनात म्हनत व्हते, एवढं झालं की पोरगी माजी. कुंकू लावलं, अक्षता लावल्या. वाकून त्याच्या पायावर डोस्कं टेकलं. उठनार तवर पडद्यावर डरकाळी झाली.

"जावईबापू, आज न्हाय," मी म्हनलं. "माज्यासमोर न्हाय."

"मामी, सिंह आलाय. परत कसा पाठवू?" तो मोबाइलकडं बघून हसला आन् माज्या डोक्यावरनं हात घालून उत्काला मारली.

टाळी न्हवती. खुर्चीसकट ती माज्या अंगावर आली. तिच्या कानातलं माज्या गालाला घासलं. मी तिला सावरली तर ती म्हनाली, "काही नाही, काही नाही," आन् हसत परत खुर्चीवर बसली. नाकातनं एक रक्ताची धार खाली येत व्हती. ती तिनं हाताच्या पाठीनं पुसली. तवर दुसरा सिंह आला. जावयानं हात उचलला. आन् माज्या लेकीनं, माज्या पोटच्या गोळ्यानं, आपनहून गाल म्होरं केला.

तांब्या अजून अर्धा भरल्याला व्हता. मी दोन्ही हातानं उचलून त्याच्या तोंडावर घातला. दात मोडल्याचा आवाज झाला. तो "आई गं" म्हनून मागं झाला तसा दुसरा कपाळावर, भिवईच्या वर. खुर्ची कलंडली, तो परातीत पडला, पानी लाल झालं. मी त्याच्या छातीवर बसले. "फुटक्या, नारायन म्हनून पाय धुतले रं तुजे," म्हनत मी मारत व्हते. त्यानं माजे केस धरले, झिंजा उपटल्या. मी त्याच्या मनगटाला चावले. त्यानं पोटात गुडघा घातला, माजा श्वास कोंडला, तरी मी सोडला न्हाय. मालकांनी ताट टाकलं, मला मागनं धरून वडायला लागले. धोंडे सगळ्या हालमदी पांगले, तुपावरनं पाय सरकून मालक बी पडले. दहा-बारा तरी मी घातले आसतील. जावयाचा हात ढिला पडला तवा मी थांबले.

मला वाटलं, उत्का रडत आसंल. कोपऱ्यात जाऊन बसली आसंल. मी मागं वळून बघितलं.

तिनं मोबाइल स्टँडवरनं काडून हातात घेतल्ता. आमच्याभवती फिरत व्हती, वाकून, आमी तिघं बी दिसावं म्हनून. "आई, इकडं तोंड कर," ती म्हनाली. "दिग्विजय, वीस हजार झाले. ऐकतोस का? वीस हजार बघतायत." शाळंतनं बक्षीस घेऊन आल्ती तवा तिचं तोंड जसं झाल्तं, तसंच झाल्तं.

मी उठले, तिच्या हातातनं मोबाइल हिसकला, फरशीवर ठेवला आन् तांब्यानं ठेचला. काचंचा चुरा झाला तरी ठेचत राहिले. नुस्ता जावई कन्हत व्हता.

"आता कुनी बघत न्हाय," मी म्हनलं. "चल पोरी, घरी चल."

तिनं आधी त्या चुऱ्याकडं बघितलं. मंग मला मारायला लागली. कानाखाली, तोंडावर, डोक्यावर, जितं घावंल तितं. माजं मंगळसूत्र तुटलं, मनी तुपात पडले. नखानं गळा वरबाडला. "का फोडलास? का फोडलास? इतके लोक कधी आले नव्हते, कधीच आले नव्हते," एवढंच म्हनत व्हती. माज्यात तिला आडवायची ताकत व्हती. गव्हाची पोती उचलते मी. पर माजा हात वर गेला न्हाय. मालक म्हनत व्हते, "उत्का, आई हाय ती, आई हाय." दमली तवाच थांबली ती.

मंग जावयाला मानाचा म्हनून आनल्याला नवा टावेल तिनं त्याच्या डोक्याला बांधला, त्याला खांद्याचा आधार दिला आन् दवाखान्यात न्यायला निघाली. दारात थांबून म्हनाली, "तुम्ही जावा. परत येऊ नका." त्या दोघांचे पाय जिन्यावरनं खाली गेल्यालं ऐकू येत व्हतं. मी फरशीवरचे धोंडे गोळा केले. का केले, सांगता येत न्हाय. तसं घर टाकून निघवलं न्हाय.

पोलिसात कुनी गेलं न्हाय. जावई कशाला जाईल, त्याची तर दिवाळी झाली. लोकांनी मोबाइलवर उतरवून घेतल्यालं ते दोन-चार मिनिटांचं चित्र करमाळ्यापातूर पोचलं. दळनाला आलेल्या बाया मला म्हनत्यात, बरं केलं बाई. एक पोरगं तर माज्यासंगं फोटो काडायला आल्तं, त्याला मी पिठाच्या डब्याचं झाकन फेकून मारलं. उत्कानं माजा नंबर बंद करून टाकला. मालकांचा बी. तिच्या सासऱ्यांना फोन लावला तर ते म्हनाले, आमचं बी ते ऐकत न्हायत.

म्हनून मी आता बघते. दुसरा मार्गच न्हाय. देवयानी बाईंच्या मागं लागून मी माज्या मोबाइलवर ते घालून घेतलं. सांजच्याला गिरन बंद करते आन् पोत्यावर बसून लेकीला बघते. जावयाच्या भिवईवर टाके, म्होरचे दोन दात न्हाईत, ते तो बोट लावून दाखवतो, "सासूबाईंचा प्रसाद." उत्का हसते. मी तिचा कान बघते, गाल बघते, जेवली का न्हाय ते बघते. एवढ्या लोकांत मी बी एक. कुनी काय पाठवलं की ती त्याचं नाव घेऊन बोलते. नुस्तं पडद्यावरचं लाल काळीज दाबलं की नाव घेत न्हाय. काळीज फुकट असतं. मी रोज दाबते.

परवा मला राहवलं न्हाय. देवयानी बाईंना म्हनलं, मला तिच्या तोंडातनं एकदा ऐकायचंय, काय बी. सिंह नको, त्याला थप्पड असते. गुलाब पाठवला तर थप्पड नसते, नुस्तं थँक्यू असतं, मी इतकं दिस बघते. देवयानी बाई म्हनाल्या, "नको मथुराबाई, त्यात पडू नका." मी ऐकते व्हय. शेवटी त्यांनी पैसे भरून दिले, नाव टाकलं, मोडनिंबची ताई. माजं नाव टाकलं आसतं तर तिनं मला तितनं बी हाकललं आसतं.

मी गुलाब दाबला. पडद्यावर तो हळूहळू वर गेला. उत्का म्होरं वाकली, डोळे बारीक करून वाचलं. "मोडनिंबची ताई," ती म्हनाली. "अगं बाई, माझ्या माहेरच्या की ह्या. थँक्यू ताई. कशा आहात?"

"बरी हाय गं बाळा," मी बोलले. पोत्यावर बसून, मोट्यानं. देवयानी बाईंनी तोंड फिरवलं.

तिच्या मागं जावयाचा हात वर गेला. मला आधी कळलंच न्हाय. सिंह पाठवनारे आता राहिले न्हवते, लोकं कट्टाळली व्हती. मागनं कळलं, मी बघायला बसायच्या आधीच त्यानं सांगून टाकल्तं, आजपासनं गुलाबाला बी थप्पड. त्यानं उजव्या गालावर मारली, चांगल्या कानावर. उत्का पडद्यातनं बाहेर गेली. थोड्या येळानं परत आली, खुर्ची धरून बसली, केस सारकं केलं.

"थँक्यू ताई," ती म्हनाली. "अजून एक पाठवा की."

आन् माज्याकडं बघत, माज्या गुलाबाची वाट बघत बसली.